फासे नवे, कपट जुनें

द्यूत आधीं जन्मास आलें कीं द्यूतांतील कपट आधीं जन्मास आलें, हें सांगणें कठीण आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलांत फाशांच्या पायीं घरदार गमावून बसलेल्या जुगाऱ्याचा विलाप आहे, आणि महाभारताचें सभापर्व तर शकुनीच्या फाशांभोंवतींच फिरतें. ही दुसरी कथा आपल्या घरांतून आजीच्या मांडीवर बसून ऐकली जाते, आणि ऐकतांना लहानथोर सर्वांचा रोष शकुनीवर असतो. परंतु त्याच घरांतील चिरंजीव मोबाईलवर खेळतां खेळतां एखादी चोरटी युक्ति योजून प्रतिस्पर्ध्यास लोळवितात, तेव्हां मात्र त्यांच्यांत कोणास शकुनि दिसत नाहीं. कोणी त्यांस हुशार म्हणतें, तर कोणी "खेळच तो, त्यांत एवढें काय?" म्हणून सोडून देतें. हें "एवढें काय" म्हणजे नेमकें केवढें, याचा हिशेब या महिन्यांत वाचकांपुढें मांडावा असें आम्हीं योजिलें आहे.

त्यास निमित्त झालें तें नाशिक येथील द्वारका भागांत राहणाऱ्या एका वाचक भगिनींचें पत्र. मुंबई-आग्रा महामार्ग आणि पुण्याकडे जाणारा रस्ता जेथें एकमेकांस मिळतात, त्या गजबजलेल्या चौकापासून हांकेच्या अंतरावर त्यांचें बिऱ्हाड आहे. चिरंजीव आठवींत शिकतात. रस्त्यावर रहदारी एवढी कीं मुलास खालीं खेळावयास पाठविण्याची सोय नाहीं. म्हणून शाळा सुटल्यावर तासभर आजोबांचा मोबाईल त्याच्या हातीं येतो, आणि त्यावर तो एक युद्धाचा खेळ खेळतो. कोणा मित्रानें त्यास एक फाइल पाठविली व ती मोबाईलमध्यें घातली असतां भिंतीपलीकडचा शत्रु दिसूं लागतो असें सांगितलें. पंधरा दिवस चिरंजीवांचा मित्रमंडळींत जयजयकार झाला. सोळाव्या दिवशीं खेळ चालविणाऱ्या कंपनीनें त्याचें खातें कायमचें बंद केलें. आणि त्याच आठवड्यांत आजोबांच्या निवृत्तिवेतनाच्या खात्यांतून अठरा हजार रुपये कोणा अनोळखी माणसाकडे गेले. घरांत पहिला संशय आला तो नातवावर. त्यानें पैशांस हात लावला नव्हता. पण फाइलीविषयीं तो दोन दिवस चकार शब्द बोलला नाहीं. तेव्हांपासून आजोबा त्याच्याशीं मोजकेंच बोलतात. या भगिनींनीं आम्हांस तीन प्रश्न विचारले आहेत. अशा युक्त्यांनीं खरोखर जिंकतां येतें काय? त्यांत धोका कितपत असतो? आणि मुलास आतां शिक्षा काय करावी?

पत्राच्या शेवटीं, जातां जातां, त्यांनीं असेंही लिहिलें आहे कीं, खेळांत नांव नोंदवितांना मुलगा लहान असल्यामुळें अडचण येत होती, म्हणून जन्मसाल त्याच्या वडिलांचें घालण्यांत आलें. या वाक्याकडे आम्ही शेवटीं वळूं. कारण सबंध पत्रांत तेंच वाक्य आम्हांस अधिक विचार करण्याजोगें वाटलें.

पहिला प्रश्न आधीं घेऊं. ऑनलाईन खेळ एकाच वेळीं दोन ठिकाणीं चालत असतो : एक आपल्या हातांतील मोबाईलमध्यें, आणि दुसरें ठिकाण म्हणजे दूर कोठें तरी असलेला कंपनीच्या मालकीचा संगणक, ज्यास सर्व्हर म्हणतात. कोणती गोष्ट मोबाईलकडे सोंपवावी आणि कोणती सर्व्हरकडे ठेवावी, हें खेळ रचणारा ठरवितो. आणि कपटाची धांव कोठवर जाईल हें या वांटणीवरच अवलंबून असतें. बँकेचें उदाहरण घ्या. आपल्या पासबुकांत कोणी पेनानें दोन शून्यें वाढविलीं, तर पासबुक श्रीमंत दिसेल, पण शिल्लक एका पैशानें वाढणार नाहीं; कारण खरी खतावणी बँकेंत आहे. त्याचप्रमाणें खेळांतील नाणीं, हिरे, विकत घेतलेलीं शस्त्रें, खेळाडूचा दर्जा या सर्वांची खतावणी सर्व्हरवर असते. "येथें बोट ठेवा आणि हवे तितके हिरे फुकट मिळवा" अशीं जीं आमिषें मुलांच्या पडद्यावर झळकतात, त्यांतून हिरे कोणासही मिळत नाहींत. मोबाईलवर दिसणारा आकडा हा पासबुकांतला आकडा होय. तो बदलून खतावणी बदलत नाहीं.

लुडोचा फासा आणि रमीचे पत्ते यांचेंही नीट चालविलेल्या खेळांत असेंच असतें. फासा सर्व्हर टाकतो, पत्ते सर्व्हर पिसतो, आणि प्रतिस्पर्ध्याच्या हातांतील पत्ते आपल्या मोबाईलकडे पाठविलेच जात नाहींत. जें मोबाईलमध्यें आलेलेंच नाहीं, तें दाखवूं म्हणणारा माणूस दाखविणार काय? तेथें कपट होतें तें निराळ्या रीतीनें. दोघेतिघे संगनमत करून एकाच डावांत बसतात, फोनवरून एकमेकांस आपापले पत्ते सांगतात आणि चौथ्या भोळ्या माणसास लुबाडतात. या कपटास कोणतीही फाइल लागत नाहीं. शकुनीच्या काळींही तें याच रीतीनें करतां आलें असतें.

मग भिंतीपलीकडचा शत्रु त्या मुलास दिसला तो कसा? युद्धाच्या खेळांत वेग हाच प्राण असतो. शत्रु भिंतीआडून बाहेर पडल्यावर मग त्याची जागा सर्व्हरनें कळवावी म्हटलें, तर तो निरोप येईतों गोळी सुटून गेलेली असेल. म्हणून आसपासच्या शत्रूंचा ठावठिकाणा मोबाईलला बहुधा आधींच कळविलेला असतो, आणि भिंत चितारून तो खेळाडूच्या डोळ्यांआड ठेवण्याचें काम मोबाईल करतो. चोरटी फाइल हें गुपित वाचते आणि भिंतीवर खूण उमटविते. दुसऱ्या जातीची फाइल नेम धरण्याचें काम खेळाडूच्या बोटाकडून काढून स्वतःकडे घेते. तेव्हां, या युक्त्या कांहीं काळ चालतात हें कबूल केलें पाहिजे. मुलांस "असें कांहीं नसतेंच" म्हणून सांगूं नये. तें खोटें आहे हें त्यांस ठाऊक असतें, आणि मग आपल्या पुढच्या खऱ्या गोष्टींवरही त्यांचा विश्वास बसत नाहीं.

परंतु या युक्त्यांची मर्यादाही तेथेंच आहे. फाइलीनें काय वाचलें हें सर्व्हरला न दिसलें, तरी खेळाडूनें काय केलें हें त्यास दिसतें. शत्रु येण्यापूर्वींच भिंतीच्या नेमक्या कोपऱ्याकडे बंदूक रोखून बसणारा, पाहतां पाहतां वळणारा आणि दहांतून नऊ वेळां मस्तकाचाच वेध घेणारा खेळाडू हजारों नोंदींमध्यें उठून दिसतो. हरलेले प्रतिस्पर्धी तक्रार करतात. मग त्या डावाची नोंद पुन्हां पाहिली जाते. मोबाईलमधील खेळ मूळचाच आहे कीं त्यांत फेरफार झाला आहे, हेंही तपासतां येतें. शिवाय कंपन्या पुष्कळदां पहिल्याच दिवशीं खातें बंद करीत नाहींत. त्या पुरावा सांचूं देतात आणि मग अनेकांवर एकदम हात टाकतात, म्हणजे कोणती युक्ति कशामुळें उघडकीस आली हें ती विकणाऱ्यास उमगत नाहीं. द्वारकेच्या चिरंजीवांस लाभलेले ते पंधरा दिवस विजयाचे नसून पुरावा गोळा होण्याचे असावेत.

कपट कसें उघडें पडतें याचें स्वच्छ उदाहरण बुद्धिबळांत सांपडतें, आणि नाशिककरांस तर बुद्धिबळ आपलें वाटावें असेंच आहे. नाशिकचे विदित गुजराथी २०१३ सालीं ग्रँडमास्टर झाले. २०२० सालीं महामारीमुळें प्रत्यक्ष पटावरचे सामने थांबले, तेव्हां फिडे या जागतिक महासंघानें पहिलें ऑनलाईन ऑलिंपियाड भरविलें, आणि त्यांत भारतीय संघाचे कर्णधार विदितच होते. ३० ऑगस्ट रोजीं रशियाशीं अंतिम सामना चालला असतां निहाल सरीन आणि आपल्या नागपूरची दिव्या देशमुख यांचा संपर्क तुटला व दोघांचेही डाव वेळ संपून गेले. त्या दिवशीं जगांत ठिकठिकाणीं इंटरनेट विस्कळीत झालें होतें. फिडेनें चौकशी करून भारत व रशिया या दोहोंसही सुवर्णपदक दिलें. घरोघरीं बसून खेळलेल्या सामन्यांत असा निवाडा होऊं शकला, तो खेळाडूंच्या सचोटीवर सर्वांचा भरंवसा होता म्हणून. जेथें भरंवसा नाहीं, तेथें संपर्क तुटल्याची खरी तक्रारही कोणी ऐकून घेत नाहीं.

याच्या उलट गोष्ट पुढच्याच वर्षीं घडली. जून २०२१ मध्यें विश्वनाथन् आनंद यांनीं धर्मादाय निधीसाठीं कांहीं नामवंतांशीं ऑनलाईन डाव मांडले. त्यांत उद्योजक निखिल कामत यांनीं माजी जगज्जेत्यावर मात केली. परंतु नवख्या खेळाडूच्या खेळ्या एवढ्या अचूक कशा, हा प्रश्न पाहणारांस पडला आणि चेस डॉट कॉम या संस्थेनें त्यांचें खातें बंद केलें. दुसऱ्याच दिवशीं कामत यांनीं जाणकारांची व संगणकाची मदत घेतल्याचें जाहीरपणें सांगून दिलगिरी व्यक्त केली. डाव मानांकनाचा नव्हता, म्हणून पुढें त्यांचें खातें पुन्हां उघडण्यांत आलें. हें कपट ओळखण्यास कोणास त्यांच्या खोलींत डोकवावें लागलें नाहीं. माणूस खेळतो तेव्हां त्याच्या कांहीं खेळ्या उत्तम, कांहीं बऱ्या व कांहीं चुकीच्या असतात. सोप्या खेळीस त्यास क्षण पुरतो आणि अवघड खेळीस मिनिटें लागतात. शेजारच्या यंत्राकडे पाहून खेळणारा सोप्याअवघड सर्वच खेळ्यांस सारखा वेळ घेतो, आणि खेळी मात्र दर वेळीं यंत्राची असते. त्याची अचूकताच त्याच्याविरुद्ध साक्ष देते.

आणखी एक उदाहरण आम्हांस मुलांच्या दृष्टीनें अधिक बोधप्रद वाटतें. सप्टेंबर २०२२ मध्यें अमेरिकेंतील सिंकफील्ड चषकाच्या स्पर्धेंत हान्स नीमान या तरुणानें तत्कालीन जगज्जेते मॅग्नस कार्लसन यांस हरविलें, आणि कार्लसन स्पर्धाच सोडून गेले. संशयाचें काहूर उठलें. नीमान यानें पटावर कपट केल्याचें साफ नाकारलें. पटावरचें कपट फिडेच्या चौकशींतही सिद्ध झालें नाहीं. परंतु बारा वर्षांचा असतांना आणि पुन्हां सोळाव्या वर्षीं आपण ऑनलाईन खेळांत यंत्राची मदत घेतली होती, हें त्यानें स्वतःच मान्य केलें होतें. तेवढ्या एका गोष्टीमुळें, जो विजय त्याच्या आयुष्यांतील सर्वांत मोठा ठरावा त्याच विजयाविषयीं जगानें त्यास जाब विचारला. कपटानें मिळविलेले डाव जातात तर जावोत. पण तें कपट पुढें खऱ्या मेहनतीनें मिळविलेल्या डावांनाही गिळूं पाहतें.

कपटाची याहूनही खोल मर्यादा एक आहे, ती खेळाडूच्या अंगींच असते. अशा बहुतेक खेळांत जिंकणाऱ्याचा दर्जा वाढतो आणि त्यास वरच्या दर्जाचे प्रतिस्पर्धी मिळतात. बुद्धिबळाच्या मानांकनाचा हिशेब असा आहे कीं, दोघांत चारशे गुणांचें अंतर असलें तर सरासरीनें दहांतले नऊ गुण बलवान खेळाडू नेतो. आतां एखादा मुलगा फाइलीच्या बळावर चारशे गुण वर चढला, तर तेथें त्यास भेटणारे सर्वच खेळाडू त्याच्याहून इतके बलवान असतात कीं फाइल काढून ठेवतांच दहांतले नऊ डाव त्यानें हरावेत. म्हणजे एकदां वर चढला कीं त्यास फाइल सोडण्याची सोय उरत नाहीं. जो मुलगा आपल्या पातळीवर खेळत राहिला असता, त्यानें पंधरा दिवसांत कांहीं तरी शिकून घेतलें असतें. हा मात्र होता तेथेंच राहिला, आणि आपण पुढें गेलों असें त्यास वाटत राहिलें.

येथें नलराजाची आठवण होते. पुष्करानें त्यास फाशांत हरविलें, राज्य गेलें, दमयंतीचा वियोग झाला. पुढें ऋतुपर्ण राजाकडे सारथी म्हणून राहून नलानें अश्वविद्या देऊन त्याच्याकडून अक्षहृदय, म्हणजे फाशांची विद्या, घेतली. आणि मग तो पुष्कराशीं पुन्हां खेळला व जिंकला. वनवासांत बृहदश्व ऋषींनीं ही कथा सांगून तीच विद्या युधिष्ठिरासही दिली, असें वनपर्वांत आहे. आमच्या पूर्वजांनीं शकुनीस उत्तर म्हणून दुसरा शकुनि उभा केला नाहीं, विद्या शिकविली, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्यासारखी आहे.

आतां दुसरा प्रश्न, धोक्याचा. द्वारकेहून पंचवटी कांहीं दूर नाहीं. आणि सोन्याचा मृग कोणी व कशासाठीं पाठविला होता हें पंचवटीच्या शेजाऱ्यांस आम्हीं सांगावयास नको. चोरटी फाइल अधिकृत दुकानांतून येत नाहीं. ती मित्राकडून मित्राकडे, एखाद्या गटांतून किंवा चित्रफितीखालच्या दुव्यावरून येते, आणि ती बसविण्यासाठीं मोबाईलचा पहारा आपल्याच हातानें उठवावा लागतो. मग ती एकेक परवानगी मागते : संदेश वाचण्याची, पडद्यावर काय आहे तें पाहण्याची, मालकाच्या वतीनें बोट ठेवण्याची. ज्या मुलास भिंतीपलीकडचा शत्रु पाहण्याची घाई झाली आहे, तो न वाचतां "होय, होय" म्हणत जातो. ज्या फाइलीस पडदा पाहतां येतो तिला पिन टिपतां येतो, आणि जिला संदेश वाचतां येतात तिला बँकेचा ओटीपी वाचतां येतो. आजोबांचे अठरा हजार रुपये याच वाटेनें गेले असण्याचा संभव आम्हांस फार दिसतो. मुलास वाटलें कीं भिंतीपलीकडे आपण पाहत आहों. वस्तुतः कोणी तिसराच त्याच्या घरांत पाहत होता.

या व्यापारांत नफा कोणास होतो, तेंही पाहावें. २०२१ सालीं चीनमधील कुनशान येथील पोलिसांनीं टेन्सेंट कंपनीच्या साहाय्यानें अशा फाइली विकणारी एक टोळी पकडली. दहा जणांस अटक झाली आणि महागड्या मोटारींसह मोठी मालमत्ता हातीं लागली. मोटारी विकणाऱ्यांच्या दारांत होत्या. विकत घेणारांच्या वांट्यास बंद खातीं आलीं. दक्षिण कोरियानें तर २०१७ पासून अशा फाइली बनविणें व वांटणें हा कैदेस पात्र असा गुन्हाच ठरविला आहे. खेळाडूच्या वांट्यास येणारी शिक्षाही लहान नसते. पोकेमॉन गो या खेळांत खोटें ठिकाण दाखवून फिरणाऱ्यास प्रथम ताकीद, मग सुमारें महिनाभर बंदी व तिसऱ्या वेळीं कायमची बंदी असा नियम कंपनीनें जाहीर केला. इतर कांहीं खेळांत खात्याबरोबर तो मोबाईलही बाद होतो. खात्यांत खरे पैसे देऊन घेतलेल्या वस्तू असल्या तरी त्या परत मिळत नाहींत.

आणि कपटाची शिक्षा एकट्या कपट करणारासच होते असेंही नाहीं. ऑक्टोबर २०१८ मध्यें शांघाय येथें संगणकावरच्या एका युद्धखेळाची आशियाई स्पर्धा चालली होती. तींत भारतीय संघांतील एका तरुणाच्या संगणकावर नेम धरून देणारी फाइल सांपडली. पंच तपासावयास आले असतां ती पुसून टाकण्याची धडपडही त्यानें केली. संघ तेथल्या तेथें बाद झाला आणि लौकरच मोडला. त्या तरुणावर पांच वर्षांची बंदी आली, तें त्याचें कर्मफल होय. परंतु निर्दोष साथीदारांचीही वाट त्याच दिवशीं खुंटली. ऑगस्ट २०२५ मध्यें आपल्या संसदेनें ऑनलाईन खेळांविषयीं कायदा संमत केला व २२ ऑगस्ट रोजीं त्यास राष्ट्रपतींची संमति मिळाली. पैसे लावून खेळविणाऱ्यांस त्यांत तीन वर्षांपर्यंत कैद व एक कोट रुपयांपर्यंत दंड सांगितला आहे, आणि पैज नसलेल्या कौशल्याच्या ई-स्पोर्ट्स स्पर्धांस रीतसर मान्यता दिली आहे. जे खेळ आतां क्रीडेच्या पंक्तीस बसूं पाहतात, त्यांत पंक्तीचे नियमही आलेच.

"पण सगळेच करतात," असें मुलांचें शेवटचें उत्तर असतें. या उत्तराचा फोलपणा द्वारकेच्या मुलास समजावून देण्यास पुस्तक नको. गच्चीवरून चौकाकडे बोट दाखविलें म्हणजे पुरे. सर्व वाहनें आपापल्या बाजूनें थांबलेलीं असतां एक दुचाकीस्वार उलट्या बाजूनें घुसतो आणि खरोखर पुढें जातो. त्याला पाहून दुसरा घुसतो, मग रिक्षा, मग मोटार. आणि थोड्याच वेळांत कोणासच हालतां येत नाहीं, पहिल्या दुचाकीस्वारासही नाहीं. पहिल्याची युक्ति चालली ती इतर सर्व नियमानें थांबले होते म्हणून. कपटी मनुष्य इतरांच्या प्रामाणिकपणावर जगतो. सगळेच तसें करूं लागले कीं त्याचा लाभ संपतो आणि खेळही संपतो.

आतां तिसरा प्रश्न. शिक्षेपूर्वीं कर्तव्य सांगतों. पैसे गेल्याचें कळतांच १९३० या सायबर साहाय्य क्रमांकावर आणि आपल्या बँकेस त्याच दिवशीं कळवावें. अद्याप कळविलें नसेल तर हा अंक खालीं ठेवून कळवावें. रिझर्व्ह बँकेच्या २०१७ च्या परिपत्रकाप्रमाणें ग्राहकानें कळविल्यानंतर होणारें नुकसान बँकेनें सोसावयाचें असतें. उशीर जितका अधिक, तितका हक्क दुबळा. फाइल काढून टाकून मोबाईल मूळ स्थितींत आणवावा आणि सर्व पिन दुसऱ्या मोबाईलवरून बदलावेत. ज्या मोबाईलवर वडीलधाऱ्यांचें बँकेचें काम चालतें, तो खेळासाठीं मुलांच्या हातीं पुन्हां देऊं नये.

मुलास मारहाण करूं नये, आणि खेळ कायमचा बंदही करूं नये. खातें गेलें, ही शिक्षा त्यास मिळालेली आहे. त्यानें खेळावयाचें असेल तर नव्या खात्यावर, तळच्या पायरीपासून, आपल्या बोटांनीं खेळावें आणि मनसोक्त हरावें. आजोबांपाशीं मात्र त्यानें स्वतः गेलें पाहिजे. पैसे आपण घेतले नाहींत हें सांगण्यासाठीं तो जाईलच. पण फाइल आपण घातली आणि दोन दिवस लपविली, हें त्यानें आधीं सांगावें. आजोबांस दुःख झालें असेल तें अठरा हजारांपेक्षां त्या दोन दिवसांचें, अशी आमची समजूत आहे. आणि आजोबांसही आमची विनंति आहे कीं, नातवानें खरें सांगितल्यावर चोरीचा संशय त्यांनीं मोठ्यानें, घरांतील सर्वांसमक्ष, मागें घ्यावा. मुलावरचा खोटा आळ तसाच राहिला, तर खरें बोलून लाभ नाहीं हाच धडा तो शिकेल.

शेवटीं त्या जन्मसालाची गोष्ट. अठरा वर्षांखालील मुलांसाठीं कांहीं खेळांत मर्यादा घातलेल्या असतात. बॅटलग्राउंड्स मोबाईल इंडिया हा खेळ जुलै २०२१ मध्यें निघाला, तेव्हां अशा मुलांस दिवसाला तीन तासांहून अधिक खेळतां येऊं नये, सात हजारांहून अधिक खर्च करतां येऊं नये आणि पालकाची संमति असावी, असा नियम त्यांत होता. हे नियम मोडण्यास कोणतीही चोरटी फाइल लागत नाहीं. वडिलांचें जन्मसाल पुरतें, आणि तें घरांतूनच मिळतें. कोणी वडील मंडळी कंटाळून, कोणी कौतुकानें, कोणी "एवढें काय" म्हणून तें देऊन टाकतात. अर्थात् त्या खात्यांतील पहिलें कपट मित्राच्या फाइलीनें झालें नाहीं; तें पंधरा दिवसांच्या पुष्कळ आधीं, मोठ्यांच्या देखत व मोठ्यांच्या हातून झालें. नियम अडला कीं खोटा आकडा घालून पुढें सरकावें, हें मुलानें तेथें पाहिलें. पुढें त्यानें केलें तें त्याच पाठाचें आवर्तन होय.

म्हणून ज्या घरांत मुलें मोबाईलवर खेळतात, त्या सर्व घरांस आमचें एवढेंच सांगणें आहे : आज रात्रीं मुलाशेजारीं बसून त्याच्या खेळाचें खातें उघडावें आणि त्यांत जन्मसाल कोणतें आहे तें पाहावें. तें खोटें असेल तर त्याच्यासमोर तें खरें करावें, आणि खरें केल्यामुळें खेळाचे तास कमी झाले तर होऊं द्यावेत. मूल कुरकुरेल. त्या कुरकुरीस हंसून उत्तर देण्याची तयारी ज्या आईबापांची असेल, त्यांस शकुनीची गोष्ट सांगण्याचा अधिकार राहील.